खेळांचे पाठभेद

सुमारें वीस वर्षांपूर्वीं बटनांच्या मोबाइलवर जावा भाषेंत रचलेले जे खेळ खेळले जात, ते आज ‘जेटूएमई लोडर’ नांवाच्या एम्युलेटरच्या साहाय्यानें अँड्रॉइड फोनवर पुन्हा खेळतां येतात. नवा फोन जुन्याचें सोंग असें वठवितो कीं, आपण परक्या घरीं आहोंत याची खेळाला शंकाहि येऊं नये. या खटाटोपाचें कौतुक करण्यास आम्ही कचरत नाहीं. परंतु ‘मूळ खेळ जसाच्या तसा मिळाला’ या आनंदोद्गारांतील ‘मूळ’ या शब्दाशीं आमचें भांडण आहे.

मूळ तें कोणतें? २००० सालीं ठरलेल्या एमआयडीपीच्या पहिल्या आवृत्तींत खेळाला सबंध पडदा व्यापण्याची सोय नव्हती. ती नोकियासारखे कारखानदार आपापल्या परीनें पुरवीत. पडदेहि नाना मापांचे : कोठें १२८ बाय १२८ ठिपके, कोठें १७६ बाय २०८, कोठें २४० बाय ३२०. आरंभींच्या कित्येक फोनांत तर सारा खेळ ६४ किलोबाइटांत कोंबावा लागे. त्यामुळें एकच खेळ फोनागणिक निराळा बांधला जाई. गेमलॉफ्टचा २००६ सालचा ‘डायमंड रश’ही त्यांतलाच. अशा खेळांच्या एका प्रतींत पार्श्वभूमीचें चित्र गळे, तर दुसरींत संगीत. पोथ्यांशीं परिचय असलेल्यांना ही अवस्था नवी वाटूं नये. मात्र शके १५०६ मध्यें एकनाथांनीं ज्ञानेश्वरीचे पाठ शुद्ध केले, तेव्हां अशुद्ध प्रतींच्या मागें एक शुद्ध ग्रंथ आहे, ही श्रद्धा त्यांना आधाराला होती. येथें तीहि नाहीं. सगळे पाठ कर्त्याच्याच घरचे!

संग्राहक बहुधा सर्वांत मोठ्या पडद्याची प्रत अस्सल धरतात. आम्हांला हें मान्य नाहीं. चार-सहा ठिपक्यांत माणसाचें धांवणें उमटविण्याची जी काटकसर, तीच या कलेचें वृत्त होतें. आणि लहान प्रतींत तें अधिक कसून पाळलेलें दिसतें. एम्युलेटरमध्यें पडदा ताणून ठिपके गुळगुळीत करण्याची सोय आहे, ती वापरणारा रसिक हें वृत्तच मोडतो. बटनांचें दुःख वेगळें. पांचाच्या आंकड्यावरचा उंचवटा अंगठ्याला न पाहतां सांपडे. कांचेवर अंगठा चांचपडतो.

प्रत्येक प्रतीसोबत ती कोणत्या फोनाची व कोणत्या मापाची, एवढें तरी नोंदलें जावें. आम्ही स्वतः १२८ ठिपक्यांचीच प्रत न ताणतां खेळतों. नव्या पडद्यावर ती पोस्टाच्या तिकिटाएवढी दिसते, आणि चष्मा पुसून पुसून आमचा गडी बहुधा दगडाखालीं सांपडतो.