आधी चिलखत, मग धातू

जे. आर. आर. टॉल्किन (1892–1973) यांच्या ‘मध्य-पृथ्वी’ या कल्पित जगातील मिथ्रिल या धातूला सर्रास ‘जादूई’ म्हटले जाते. चित्रपट, संगणकावरचे खेळ आणि अनुकरणातून आलेल्या कादंबऱ्या यांनी हे विशेषण इतके रुळवले आहे, की मूळ ग्रंथात ते बसते का, हे कोणी तपासत नाही. मिथ्रिल परिसासारखे लोखंडाचे सोने करीत नाही, की स्यमंतकासारखे रोज सोने प्रसवत नाही. ते खणावे लागते, गाळावे लागते, ठोकावे लागते. चांदीसारखे दिसते पण काळे पडत नाही. हलके असूनही पोलादाहून कठीण. एल्फ लोक त्यापासून ‘इथिल्डिन’ करतात आणि त्याने काढलेली अक्षरे फक्त चांदण्यात उमटतात, ही एक किमया सोडली तर उरतो तो एक उत्तम धातू.

तरीही सगळ्या कथेवर त्याची सावली आहे. ती कशामुळे, हा या लेखाचा प्रश्न.

प्रथम नावाकडे पाहू. ‘मिथ्रिल’ हा शब्द एल्फांच्या सिंदारिन भाषेतला. ‘मिथ’ म्हणजे करडा, ‘रिल’ म्हणजे झळाळी. पण हा धातू खणून काढतात ते ड्वार्फ, म्हणजे डोंगराच्या पोटात राहणारी बुटकी, दाढीवाली जमात. त्यांच्याकडे या धातूला स्वतःचे नाव आहे आणि ते कोणालाही सांगत नाहीत. म्हणजे जगाला हा धातू माहीत आहे तो गिऱ्हाइकाने ठेवलेल्या नावाने. टॉल्किन हे भाषाशास्त्रज्ञ होते. त्यांच्याकडून हे नकळत घडले असेल, असे मला वाटत नाही. खाणीत उतरणाऱ्याने आपले नाव झाकून ठेवले आहे आणि वाचकालाही ते शेवटपर्यंत कळत नाही.

‘द लॉर्ड ऑफ द रिंग्ज’मध्ये (1954–55) गॅन्डाल्फ मोरियाच्या अंधारात सोबत्यांना सांगतो, की मिथ्रिल फक्त येथेच सापडते. एकेकाळी त्याची किंमत सोन्याच्या दहापट होती, आता तर ती करताच येत नाही. धातूची शीर खोल जात राहिली, ड्वार्फ तिच्यामागे खणत राहिले आणि तळाशी झोपलेला बॅलरॉग जागा झाला. तिसऱ्या युगाच्या 1980 साली त्याने राजा सहावा ड्युरिन याला मारले. पुढच्या वर्षी ड्युरिनचा मुलगाही गेला आणि ड्वार्फांनी मोरिया सोडले. हजारएक वर्षांनी बॅलिनने तेथे पुन्हा वसाहत केली. ती पाच वर्षांत संपली. यात शाप नाही, मंत्र नाही. पुढची शीर सोडवत नाही, एवढेच.

आता चिलखताकडे येतो, कारण माझ्या मते सगळी गोम तेथे आहे. ‘द हॉबिट’च्या 1937च्या पहिल्या आवृत्तीत थॉरिन बिल्बोला एक चिलखत देतो; ते चांदीचा मुलामा दिलेल्या पोलादाचे आहे. मिथ्रिल हा शब्द तेथे नाही. पुढे मोरियाचे प्रकरण लिहिताना धातू अवतरला आणि ते जुने चिलखत मिथ्रिलचे ठरले. 1966च्या सुधारित आवृत्तीत टॉल्किन यांनी ‘द हॉबिट’मध्ये तो शब्द घातला. अर्थात, लेखकाच्या टेबलावर दिलेली वस्तू आधी आली आणि तिची किंमत मागाहून.

एक अडचण मान्य करायला हवी. थॉरिन ते चिलखत भेट म्हणून देत नाही. मोबदल्याचा पहिला हप्ता म्हणून देतो, आणि पुढे भांडण झाल्यावर हे तुझ्या लायकीपेक्षा भारी आहे, असे ऐकवतोही. म्हणजे सुरुवात मजुरीने आहे. ती मजुरी दान झाली बिल्बोच्या हातात. त्याने चिलखत शायरमधल्या संग्रहालयाला उसने दिले होते. हे संग्रहालय म्हणजे आपल्याकडचा माळा: उपयोग नाही, पण टाकवत नाही अशा वस्तूंची जागा. तेथून काढून पुढे त्याने ते फ्रोडोला दिले. त्याची किंमत अख्ख्या शायरपेक्षा जास्त आहे, हे गॅन्डाल्फने बिल्बोला कधी सांगितलेच नव्हते. फ्रोडोला ते मोरियात कळते तेव्हा चिलखत त्याच्या अंगात, कपड्यांखाली असते. तेथेच ते त्याला भाल्यापासून वाचवते.

याच चिलखतावर जेव्हा मालकीची नजर पडते तेव्हा काय होते? किरिथ उंगोलच्या बुरुजात शाग्रॅट आणि गॉरबॅग या दोन ऑर्क नायकांच्या टोळ्या त्यावरून एकमेकांना कापून काढतात. सॅमला बुरुज जवळजवळ मोकळा मिळतो आणि फ्रोडो सुटतो. स्यमंतकापायी प्रसेन, सत्राजित, शतधन्वा यांची जी गत झाली ती आठवावी. शेवटी शायरमध्ये सॅरुमानची सुरी मोडते तीही याच चिलखतावर.

2022 साली आलेल्या ‘द रिंग्ज ऑफ पॉवर’ या मालिकेने येथेच घोटाळा केला. तिच्यातल्या एका आख्यायिकेनुसार मिथ्रिलमध्ये हरवलेल्या सिल्मारिल रत्नाचे तेज आहे आणि त्यावाचून एल्फ विझून जाणार आहेत. खाण धोक्याची आहे हे मालिका विसरत नाही, एवढे श्रेय तिला द्यायला हवे. पण धातूला औषध केले की खणणे हे पुण्यकर्म होते; मग खोल जाऊ नका म्हणणारा म्हातारा राजा नुसता हट्टी दिसू लागतो. मूळ ग्रंथात ड्वार्फांना अशी कोणतीही सबब नाही. त्यांना धातू हवा होता आणि तो सुंदर होता.

परिशिष्टात आणखी एक नोंद आहे. युद्ध संपल्यावर गिम्ली आणि त्याचे ड्वार्फ मिनास तिरिथच्या मोडलेल्या वेशीला मिथ्रिल व पोलादाचे नवे दरवाजे घडवून देतात. मोरियाच्या खाणी तर बंद पडलेल्या. मग त्या दरवाजांचा धातू आला कोठून, हे टॉल्किन यांनी तेथे लिहिलेले नाही.