आळ आणि सैतान : बेंजामिन क्रिस्टेन्सेनचे मूकपट

डॅनिश मूकपटांचा विषय निघाला की कार्ल ड्रायरचे नाव प्रथम घेतले जाते, आणि ते रास्तच आहे. त्याच्याआधी दिग्दर्शनाकडे वळलेला बेंजामिन क्रिस्टेन्सेन (१८७९–१९५९) मात्र ‘हेक्सन’ या एकाच चित्रपटापुरता स्मरणात राहिला. ऑपेराचे शिक्षण घेतलेल्या या माणसाचा आवाज गेला. तो नट झाला, मध्यंतरी मद्यविक्रीतही रमला. पुढे अबोल पडद्यावरच त्याला आपले माध्यम गवसले, हा योग विलक्षणच म्हणायचा.

१९१४ च्या ‘गूढ एक्स’मध्ये त्याने नौदलातील एका अधिकाऱ्याची भूमिका केली. पत्नीच्या अब्रूसाठी हा अधिकारी मौन पाळतो आणि देशद्रोहाचा आळ मुकाट्याने सोसतो. १९१६ च्या ‘सूडाची रात्र’मध्ये खुनाचा खोटा आरोप आलेला सर्कशीतला बलदंड माणूस तान्ह्या लेकरासाठी तुरुंगातून पळतो, पुन्हा पकडला जातो आणि सुडाने पेटतो. दोन्ही कथा बेतल्यासारख्या आहेत, हे आम्ही नाकारीत नाही. त्यांना तारतो तो छायाप्रकाश. काळोखी खोली, दारातून येणारी उजेडाची तिरीप आणि त्यात उभी राहिलेली आकृती : निरपराध माणसाचे एकाकीपण एवढ्यातूनच कळते.

स्वीडिश पैशावर कोपनहेगन येथे चित्रित झालेला ‘हेक्सन’ १९२२ मध्ये पडद्यावर आला. येथे आळ चेटकाचा आहे. मुद्रकाच्या घरी अन्नासाठी आलेली म्हातारी मारिया पकडली जाते, आणि यातनांपुढे हरून हवे ते कबूल करते. आता नटाची जागा पाहावी. आधी दोनदा आरोपी झालेला क्रिस्टेन्सेन येथे जीभ वळवळवीत हिंडणारा सैतान झाला आहे. ज्याच्याशी संग केल्याचा कबुलीजबाब स्त्रियांकडून उकळला जातो, तोच तो! खोटी कबुली कॅमेरा खऱ्यासारखी दाखवतो. झाडूवरून उडणाऱ्या बायका आपण डोळ्यांनी पाहतो. यात दिग्दर्शकाला नको इतकी मौज वाटते, हा आक्षेप आम्हांस मान्य आहे. तथापि आळ कसा चिकटतो, हे त्या मौजेवाचून इतके झोंबले नसते. प्रेक्षकालाही क्षणभर ते खरे वाटून जाते.

आमची खरी तक्रार शेवटच्या भागाविषयी आहे. चेटकिणी म्हणजे त्या काळच्या उन्मादरोगी स्त्रिया होत्या, असे तेथे सुचवले आहे. धर्मपीठाचा शिक्का पुसून वैद्याचा शिक्का मारला. बाईला बोलू कोणी दिले? त्याच चित्रपटातील एक मजकूरपाटी मात्र सांगते की, मारियाची भूमिका करणाऱ्या म्हातारीने चित्रीकरणाच्या विश्रांतीत सैतान खरा असून आपण त्याला उशाशी बसलेला पाहिल्याचे सांगितले. दिग्दर्शकाच्या सिद्धांतापेक्षा त्या थकलेल्या चेहऱ्यावर आमचा अधिक विश्वास बसतो.

पुढे ड्रायरच्या ‘मिकाएल’मध्ये (१९२४) त्याने वृद्ध चित्रकार सुंदर रंगवला. हॉलिवूडमधले चित्रपट १९२९ मध्ये आटोपले. तेथे तो नोकरदार दिग्दर्शक होता, आणि ते दिसते. १९३९ ते १९४२ दरम्यान डेन्मार्कमध्ये चार बोलपट केले. शेवटचा सपशेल पडला. त्यानंतर मरेपर्यंत त्याने कोपनहेगनच्या उपनगरात एक चित्रपटगृह चालवले.