संहिता, लेखनिक आणि संगणकीय प्रत

मुद्रणाने स्थिर केलेली संहिता संगणकाने पुन्हा प्रवाही केली, असे म्हटले जाते. हे विधान अपुरे आहे. हस्तलिखितांच्या काळातही संहिता प्रवाहीच होती. परंतु तीत फेरफार करणाऱ्याचा माग अनेकदा काढता येत असे. ‘ज्ञानेश्वरी’च्या उदाहरणाने हा भेद स्पष्ट होतो.

आजच्या अहिल्यानगर जिल्ह्यातील नेवासे येथे शके १२१२ (इ. स. १२९०) मध्ये हा ग्रंथ सिद्ध झाला. प्रचलित संहितेच्या अखेरीस ग्रंथाचा शक येतो आणि सच्चिदानंदबाबांचा ‘लेखक’ म्हणून निर्देश येतो. येथे लेखक म्हणजे सांगितलेले लिहून घेणारा. पुढे शके १५०६ (इ. स. १५८४) मध्ये एकनाथांनी अशुद्ध झालेले पाठ शुद्ध केले, त्या कार्याची नोंद ओवीबद्ध केली आणि पदरच्या ओव्या घालू पाहणाऱ्यांना बजावले. १९०९ मध्ये वि. का. राजवाडे यांनी एकनाथपूर्व मानलेल्या पोथीवरून निराळी संहिता प्रसिद्ध केली. तिच्या प्राचीनतेविषयी वाद होऊ शकला, कारण त्या पाठाचे उत्तरदायित्व कोणाचे, हे ठाऊक होते.

मोबाइलने नित्यपाठ सुकर केला, हे नाकारता येत नाही. ग्रंथ प्रवासात हाताशी आला; अक्षर मोठे करता येत असल्याने वृद्धांचे वाचन टिकले. १९९१ च्या युनिकोडच्या पहिल्या आवृत्तीत देवनागरीचा समावेश झाल्याने संहितेत शब्द शोधण्याचा मार्गही खुला झाला. मात्र यंत्र चिन्हे जुळवते, अर्थ नव्हे. साध्या शोधात अनुस्वारासह टंकलेला शब्द अनुस्वार गाळलेल्या प्रतीत सापडत नाही. जुन्या फॉन्टमधून रूपांतर करताना शिरलेली चूक आणि खरा पाठभेद पडद्यावर सारखेच दिसतात. सप्ताहातील सामूहिक पारायणात चुकलेला शब्द शेजारच्याच्या कानाला खटकतो. एकट्याच्या वाचनात ती दुरुस्ती संभवत नाही. एकाकडून दुसऱ्याकडे धाडली जाणारी ओवी तर बहुधा आपले मूळच सांगत नाही. प्रत्येक वाचक आता लेखनिक झाला आहे, पण अनामिक लेखनिक.

वास्तविक, सर्व पाठभेद एकत्र दाखवण्याचे जे सामर्थ्य छापील पानाला नव्हते, ते संगणकाला आहे. प्रत कोणत्या आवृत्तीवरून घेतली, कोणी टंकली, कधी सुधारली, एवढी नोंद तिच्यासोबत राहिली तरी पाठचिकित्सेला आधार मिळेल. सातशे वर्षांपूर्वीच्या संहितेने आपल्या लेखनिकाचे नाव जपले. संगणकीय प्रतीकडून त्याहून कमी अपेक्षा ठेवण्याचे कारण नाही.