‘निवेदन’मधील आत्मशोध

पेडणे महालात आत्मज्ञानाचा विषय निघाला की सोहिरोबानाथ आंबिये यांचे नाव आदराने घेतले जाते. विर्नोड्याचे शासकीय महाविद्यालयही त्यांच्याच नावाने ओळखले जाते. कुळकर्णीपण सांभाळणाऱ्या या पुरुषास रानात फणस खाताना एका सिद्धाची भेट झाली आणि त्यांचे आयुष्य पालटले, अशी आख्यायिका आहे. ती मनोहर खरी. परंतु ज्याच्या वाटेवर सिद्ध येत नाही त्याने काय करावे, या प्रश्नाचे उत्तर तिच्यात नाही. ते शोधावयाचे तर आपल्याच गोमंतकातील सांखवाळ येथे १८७६ साली जन्मलेल्या धर्मानंद कोसंबी यांचे ‘निवेदन’ (१९२४) हे आत्मचरित्र वाचावे.

कोसंबींचे पूर्वायुष्य हा खुंटलेल्या आशांचा इतिहास होय. शालेय शिक्षण अपुरे राहिले. विवाह अल्पवयात झाला. बागायतीच्या कामात मन रमेना. घर सोडण्याचे आरंभीचे प्रयत्नही तडीस गेले नाहीत. ‘बालबोधमेवा’ या मुलांच्या मासिकातील एका लेखाने बुद्धचरित्राची गोडी लागली, पण तेवढ्याने वाट सापडली नाही. १८९९ च्या अखेरीस ते निघाले ते संस्कृत शिकण्यासाठी. पुण्याहून पुढे काशीस जाऊन त्यांनी अध्ययन केले. नेपाळात बौद्ध धर्माची दशा पाहून निराशाच पदरी आली. तरी तिच्यापाशी न थांबता ते सिंहलद्वीपास गेले आणि तेथे १९०२ साली त्यांनी दीक्षा घेतली. येथे आत्मबोध हा एका क्षणाचा प्रसाद नसून, फसलेल्या प्रत्येक प्रयत्नानंतर स्वतःस पुन्हा विचारलेला प्रश्न आहे. भाषाही त्यास साजेशी, निरलंकार आहे. लेखक स्वतःभोवती आख्यायिका रचीत नाही, हे या ग्रंथाचे मोठे वाङ्मयीन बळ होय.

तथापि एक उणीव नमूद केलीच पाहिजे. या शोधाचे मोल एकट्या कोसंबींनी दिलेले नाही. पत्नी बाळाबाई व तान्ही कन्या मागे राहिल्या. बाळाबाईंची व्यथा आपणांस पतीच्याच लेखणीतून कळते. तिचे माप वाचकाने स्वतःच घ्यावयाचे असते. गृहत्यागाचा निव्वळ गौरव करणे म्हणूनच योग्य नव्हे.

हा ग्रंथ शिकविताना शिक्षकांनी दोन्ही बाजू विद्यार्थ्यांपुढे ठेवाव्यात. परीक्षेत हिरमुसलेल्या मुलास आख्यायिकेपेक्षा कोसंबींचे ते फसलेले प्रयत्नच अधिक जवळचे वाटतील, असा माझा विश्वास आहे.