सख्याचें स्मारक

अजिंठ्याच्या सव्विसाव्या लेण्यांत शिरलें म्हणजे डाव्या अंगाच्या भिंतीवर भगवान् बुद्धांचें महापरिनिर्वाण कोरलेलें दिसतें. उजव्या कुशीवर निजलेली ती मूर्ति सुमारें सात मीटर लांब आहे. प्रेक्षकाची दृष्टि प्रथम त्या शांत मुखावर ठरते. पण तेथें थोडा वेळ उभें राहिलें कीं ती आपोआप मंचकाखालच्या लहान आकृतींकडे उतरते. तेथें शिष्य बसले आहेत. सर्व कांहीं अनित्य आहे असें ज्यानें त्यांस जन्मभर शिकविलें, त्याच्याच शय्येपाशीं ते शोक करीत आहेत. आणि शिल्पकारानें त्यांची ही दुर्बलता झांकून ठेवलेली नाहीं.

हें लेणें इसवी सनाच्या पांचव्या शतकाच्या उत्तरार्धांतलें. तेथील संस्कृत शिलालेखावरून कळतें कीं, बुद्धभद्र नांवाच्या भिक्षूनें तें अश्मक देशच्या राजाचा अमात्य भव्विराज याच्या प्रीत्यर्थ कोरविलें. या अमात्याशीं आपलें सख्य एका जन्माचें नव्हे, अनेक जन्मांचें आहे, असें हा भिक्षु सांगतो. आणि कीर्ति चंद्रसूर्य असेपर्यंत टिकावी म्हणून स्मारक डोंगरांत करावें, असाहि अभिप्राय त्या लेखांत आहे. अनित्यतेचा उपदेश करणाऱ्या धर्माच्या भिक्षूस मित्रासाठीं मात्र न झिजणारा दगड हवासा वाटला! या विसंगतींत आम्हांस दोष दिसत नाहीं. मनुष्याचें प्रेम दिसतें.

मित्राचें स्मारक कशाचें करावें, हाच प्रश्न आमच्या काळांत एका शिल्पकारापुढें उभा राहिला, आणि त्यानें तो अगदीं उलट्या टोकाकडून सोडविला. त्याचें नांव फेलिक्स गोन्झालेस-तोर्रेस. त्याचा जन्म १९५७ सालीं क्यूबा बेटांत झाला; पुढें पोर्तो रिको बेटांत कांहीं वर्षें काढून १९७९ सालीं तो न्यूयॉर्कला आला व तेथेंच कलावंत म्हणून नांवारूपास चढला. त्याचा जीवनसखा रॉस लेकॉक हा १९९१ च्या जानेवारींत एड्सनें वारला. स्वतः फेलिक्सहि त्याच रोगानें १९९६ च्या जानेवारींत, वयाच्या अवघ्या अडतिसाव्या वर्षीं निवर्तला.

रॉस गेला त्याच वर्षीं फेलिक्सनें केलेली एक कृति आज शिकागोच्या आर्ट इन्स्टिट्यूटमध्यें आहे. तिला त्यानें 'अनामिक' म्हटलें, आणि पुढें कंसांत 'लॉस एंजल्समधील रॉसचें व्यक्तिचित्र' असें जोडलें. पाहावयास जावें तों तेथें ना चेहरा, ना देह. खोलीच्या कोपऱ्यांत रंगीबेरंगी चकचकीत कागदांत गुंडाळलेल्या गोळ्यांची, मुलें खातात तसल्या साखरेच्या गोळ्यांची, रास ओतलेली असते. तिचें आदर्श वजन १७५ पौंड, म्हणजे सुमारें ७९ किलो, ठरविलेलें आहे. धडधाकट असतांना रॉसचें जें वजन होतें तेंच हें, असें मानतात. येणाऱ्या कोणीहि त्यांतली एक गोळी उचलावी व तोंडांत टाकावी. हळूहळू रास खालावते, आणि रोगानें माणूस दिवसेंदिवस झिजत जातांना आप्तांनीं जें पाहिलें, तेंच प्रेक्षकाच्या हातून नकळत घडूं लागतें. गोळ्यांचा पुरवठा अखंड, असें या कृतीच्या वर्णनांतच लिहिलें आहे. परंतु पुन्हां केव्हां भरावें, किती भरावें, हें मांडणाऱ्यावर सोपविलेलें आहे. या देहाचें आयुष्य असें सर्वस्वीं जिवंत माणसांच्या इच्छेवर अवलंबून आहे.

यास शिल्प म्हणावें काय, असा प्रश्न रसिक वाचक विचारतील, आणि तो रास्तच आहे. जेथें छिन्नी नाहीं, माती नाहीं, हाताचें कसब नाहीं, तेथें कला कसली, असें म्हणणारे पुष्कळ आहेत. त्यांचा आक्षेप अर्धा खरा आहे. दुकानांतून आणलेल्या गोळ्या ओतण्यास कौशल्य लागत नाहीं. परंतु वजन, आकारमान आणि जागा हीं शिल्पाचीं मूळ साधनें होत, व या तिहींचा एवढा नेमका उपयोग फार थोड्यांनीं केला असेल. शिवाय टिकेल तेंच शिल्प, हा नियम आपण तरी कोठें पाळतों? भाद्रपदांत मातीची मूर्ति घरीं आणावयाची, पुजावयाची, पाण्यांत सोडावयाची, आणि पुढच्या वर्षीं पुन्हां आणावयाची, ही ज्यांच्या घरची रीत आहे, त्यांस विरघळणाऱ्या मूर्तीचा अर्थ परक्यानें शिकवावयास नको. उचललेली गोळी आपल्या मनांत प्रसादाचीहि आठवण जागी करते. पण प्रसाद देवाचा; ही तर एका रोग्याच्या देहाची! कलावंताचें धैर्य नेमकें येथें आहे.

तें धैर्य कळण्यास तो काळ आठवावा लागेल. या रोगाची प्रथम नोंद १९८१ सालीं अमेरिकेंत झाली. शेजारीं बसल्यानें किंवा एका ताटांत जेवल्यानें तो होत नाहीं, हें वैद्यांनीं सांगूनहि लोक रोग्याची कपबशी वेगळी ठेवीत. समलिंगी संबंधांस उत्तेजन मिळेल अशा एड्सविषयक शिक्षणास सरकारी पैसा देऊं नये, हा ठराव तेथील सिनेटनें १९८७ सालीं ९४ विरुद्ध २ मतांनीं संमत केला. परदेशास नांवें ठेवण्याचें आपणांस कारण नाहीं. गोव्यांत १९८९ सालीं डॉमिनिक डिसोझा या तरुणास, रक्तांत विषाणु सापडला एवढ्यावरून, सार्वजनिक आरोग्याच्या कायद्याखालीं म्हापशाच्या जुन्या क्षयरोग रुग्णालयांत कोंडून ठेवण्यांत आलें. त्याच्या आईनें उच्च न्यायालयांत दाद मागितली. न्यायालयानें तो कायदा वैधच ठरविला. डॉमिनिक मात्र सुटला, आणि १९९२ सालीं मरण येईपर्यंत आपल्यासारख्या रोग्यांसाठीं झटला. ज्या दिवसांत रोग्याच्या अंगास हात लावण्यास लोक भीत, त्या दिवसांत 'या, आणि या देहाचा एक कण तोंडांत घ्या' असें निमंत्रण देणें ही केवळ सौंदर्यशास्त्राची बाब नव्हती.

फेलिक्स चळवळीपासून दूर नव्हता. ग्रूप मटीरियल या कलावंतमंडळाचा तो सभासद होता. त्या मंडळानें १९८९ सालीं बर्कले येथें एड्सचा कालपट मांडून, रोग कसा पसरला व राज्यकर्ते कसे वागले हें वर्षवार दाखविलें. इतर कलावंत त्या वेळीं भित्तिपत्रकांवर मोठ्या अक्षरांत घोषणा छापीत होते, आणि त्यांची गरजहि होती. फेलिक्सनें १९९२ सालीं न्यूयॉर्कमधील चोवीस जाहिरातफलकांवर एकच छायाचित्र लाविलें: विस्कटलेला दोघांचा बिछाना, दोन उशा, आणि दोन डोकीं टेकल्याचे दोन खळगे. अक्षर एकहि नाहीं. १९८६ सालीं अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयानें समलिंगी प्रेम घराच्या चार भिंतींआडहि गुन्हा ठरवितां येईल असा निकाल दिला होता. म्हणजे तो बिछाना कायद्याच्या दृष्टीनें खाजगी राहिलाच नव्हता. आपल्याकडे हा कलंक दूर होण्यास २०१८ चा सप्टेंबर उजाडावा लागला. रस्त्यानें जाणाऱ्यास हें सारें ठाऊक असेलच असें नाहीं. परंतु घरांतली एक उशी रिकामी होणें म्हणजे काय, हें ज्यानें भोगलें आहे तो क्षणभर तेथें थांबेल. आणि तें दुःख कोणाचें, हें मागाहून कळलें तरी तें आपलें वाटून गेलें, ही गोष्ट त्याला परत घेतां येणार नाहीं.

तथापि या कलेंत एक उणीव आहे, आणि ती सांगितली पाहिजे. ती शब्दांवर फार विसंबते. १९८६ चा निकाल माहीत नसला तरी बिछाना बोलतो. पण रॉसचें नांव काढून घेतलें कीं रास केवळ गोळ्यांची उरते. २०२२ सालीं शिकागोंत असेंच घडलें. कृतीशेजारच्या पाटीवरील मजकूर बदलला होता. त्यांत वजनाचा उल्लेख होता, पण रॉसचा नव्हता आणि एड्सचाहि नव्हता. प्रेक्षकांनीं तक्रार केली, तेव्हां तो मजकूर सुधारण्यांत आला. गोळ्या होत्या, वजन होतें, जागा होती. नाहींसा झाला होता तो फक्त रॉस.

पण दगड तरी यापेक्षां काय अधिक सांभाळतो? अजिंठ्याचीं लेणीं ओस पडलीं, लिपि वाचणारे उरले नाहींत. १८१९ सालीं शिकारीस आलेल्या इंग्रज अधिकाऱ्याच्या तीं दृष्टीस पडलीं, तेव्हां बुद्धभद्राचीं अक्षरें तेथें होतीं आणि मुकीं होतीं. पुढें विद्वानांनीं तीं लाविलीं, तेव्हां त्याचें सख्य पुन्हां बोलूं लागलें. स्मारक दगडाचें असो वा साखरेचें, तें कोणाचें हें सांगणारा कोणी तरी लागतोच. फेलिक्सचें मोठेपण असें कीं त्यानें ही परावलंबिता लपविली नाहीं. तीच आपल्या शिल्पाची सामग्री केली.

मराठींत खाऊच्याहि गोळ्या असतात आणि औषधाच्याहि. फेलिक्स गेला त्याच १९९६ सालीं अनेक औषधें एकत्र देण्याची नवी उपचारपद्धति यशस्वी ठरली. २००१ सालीं मुंबईच्या सिप्ला कंपनीनें तीन औषधांचा असा उपचार वर्षास ३५० डॉलरांत देऊं केला, आणि २००४ पासून आपल्या सरकारी रुग्णालयांतून तो विनामूल्य मिळूं लागला. आज ती गोळी नियमानें घेणारा रोगी आपलें वजन राखून दीर्घायुषी होऊं शकतो. मात्र ती रोज घ्यावी लागते. कालची आज चालत नाहीं. स्मृतीचेंहि तसेंच आहे.

म्हणून जे वाचक सुटींत सहकुटुंब अजिंठ्यास जातील, त्यांनीं त्या निजलेल्या मूर्तीपुढें मुलांस भव्विराजाचें नांव अवश्य सांगावें. आणि ज्यांचीं मुलें आज अमेरिकेंत आहेत, त्यांनीं त्यांना लिहावें कीं शिकागोस गेलांत तर त्या राशींतली एक गोळी घ्या, पण रॉस कोण होता हें सोबतच्या लहानग्यांस सांगून मगच खा.