राजेंद्र देशपांडेंचा सिद्धांत कुठे टिकतो, कुठे नाही

जयंत नारळीकरांची 'गंगाधरपंतांचे पानिपत' ही कथा तुमच्यापैकी बऱ्याच जणांनी वाचली असेल. मराठीत नाही तर एनसीईआरटीच्या अकरावीच्या 'हॉर्नबिल'मध्ये, 'द ॲडव्हेंचर' या नावाने. इतिहासाचे प्राध्यापक गंगाधरपंत गायतोंडे ट्रकच्या धडकेनंतर अशा भारतात पोचतात, जिथे १७६१ मध्ये पानिपत मराठ्यांनी जिंकलंय. (आमच्या वाडीत ट्रान्सपोर्टची इतकी गोदामं आहेत, की धडकेने माणसं दुसऱ्या विश्वात जात असती तर अर्धी वाडी रिकामी झाली असती.) शेवटी राजेंद्र देशपांडे हे सगळं कसं घडलं ते समजावतात.

मला त्या समजावण्याबद्दलच बोलायचंय. कारण सिनॉप्सिस लिहिताना आपणही तेच करतो. दोन भारदस्त सिद्धांत घ्यायचे, मध्ये 'म्हणून' टाकायचं. परीक्षक बोट ठेवतो ते त्या 'म्हणून'वर.

राजेंद्र दोन गोष्टी जोडतात. एक, कॅटॅस्ट्रॉफी थिअरी: नाजूक क्षणी बारीकसा फरक पडला की सगळी परिस्थिती एकदम पालटते. इथे तो क्षण म्हणजे विश्वासरावांना गोळी लागणं किंवा कानाजवळून जाणं. दुसरी, क्वांटम अनिश्चितता: इलेक्ट्रॉन नेमका कुठे सापडेल हे आधी सांगता येत नाही, आणि प्रत्येक शक्यतेचं एक जग असू शकतं. म्हणून गंगाधरपंत ना भूतकाळात गेले, ना भविष्यात. ते याच वर्तमानात होते, जग तेवढं वेगळं होतं.

काळाबद्दलचं हे शेवटचं विधान वरवर सगळ्यात अचाट वाटतं. गंमत म्हणजे सगळ्यात भक्कम तेच आहे. ह्यू एव्हरेटने १९५७ मध्ये जी मांडणी केली, तिच्यात संपूर्ण विश्वाचं एकच तरंगफल असतं आणि ते श्रोडिंगरच्या समीकरणाने बदलत जातं. त्या समीकरणात t एकच आहे. फांद्या कितीही फुटोत, घड्याळ सामाईक. त्यामुळे 'तिथलं आत्ता' आणि 'इथलं आत्ता' असं बोलायला निदान या चौकटीत हरकत नाही. व्यापक सापेक्षता आणली की हे अवघड होतं, कारण काळ स्वतःच प्रत्येक फांदीच्या भूमितीत गुंततो. पण अख्खं गुरुत्वाकर्षण एका कथेने सोडवावं ही अपेक्षा मी करणार नाही.

आता 'म्हणून'कडे या. रेने थॉमची कॅटॅस्ट्रॉफी थिअरी पूर्णपणे नियतिवादी आहे. कारण सावकाश बदलत असताना परिणाम अचानक का उडी मारतो, एवढंच ती सांगते. दोन निकाल एकाच वेळी शक्य आहेत, असं ती कुठेच म्हणत नाही. ते क्वांटमचं काम. मग क्वांटम त्या गोळीपर्यंत पोचतं का? आकडे टाकून बघा. गोळी २० ग्रॅमची धरा, तिच्या स्थानातली अनिश्चितता १ मिलिमीटर. हायझेनबर्गच्या नियमाने वेगातली किमान अनिश्चितता येते सेकंदाला सुमारे २.६ × १०⁻³⁰ मीटर. अर्ध्या सेकंदाच्या प्रवासात गोळी साधारण १०⁻³⁰ मीटर सरकेल. प्रोटॉनचा आकार १०⁻¹⁵ मीटर. कानाजवळून जायला हे पुरायचं नाही.

याचा अर्थ कथा खोटी पडली असा नाही. अनिश्चितता गोळी सुटण्याआधीच शिरली, असं म्हणता येतं: बारूद पेटताना, नेम धरणाऱ्याच्या हातात, किंवा त्याच्याही कितीतरी आधी. तिथून ती वाढत जाऊन गोळीपर्यंत पोचली. हा दुवा मांडण्यासारखा आहे, पण राजेंद्र तो मांडत नाहीत.

खरी अडचण पुढे आहे. फांद्या वेगळ्या झाल्या की त्यांच्यात ये-जा नाही, हे साध्या क्वांटम यामिकीत समीकरण रेषीय असल्यामुळे घडतं. स्टीव्हन वाइनबर्गने १९८९ मध्ये अरेषीय रूप सुचवलं, आणि १९९१ मध्ये जोसेफ पोल्चिन्स्कीने दाखवलं की तसं मानलं तर दोन फांद्यांमध्ये निरोप जाऊ शकतो. त्याला 'एव्हरेट फोन' म्हणतात. म्हणजे गंगाधरपंतांना जायचं असेल, तर ट्रक आणि मेंदूतले न्यूरॉन पुरेसे नाहीत. आधी श्रोडिंगरचं समीकरणच बदलावं लागेल, आणि अरेषीयतेच्या आजवरच्या चाचण्यांत तसं काही हाती लागलेलं नाही.

राजेंद्रची एक गोष्ट मात्र मला फार आवडते. सुरुवातीला ते हा सगळा कल्पनेचा खेळ मानतात, आणि खिशातलं बखरीचं फाटकं पान बघितल्यावरच मत बदलतात. पुराव्याने मत बदलणारी पात्रं विज्ञानकथेत तरी असावीत ना! फक्त, कागदाची तपासणी कोणी केली नाही. एकच नमुना, तोही दावा करणाऱ्याच्याच खिशातला. आमच्या लॅबमध्ये एवढ्यावर कोणी ग्राफसुद्धा काढू देणार नाही.

आणि एक प्रश्न कथेत कोणीच विचारत नाही. त्या दुसऱ्या मुंबईच्या ग्रंथालयात गंगाधरपंतांनी स्वतःचेच पाच खंड मागवले आणि ते टेबलावर आले. म्हणजे तिथेही एक गंगाधरपंत आहेत, ज्यांनी ते लिहिले. मग ते दोन दिवस कुठे होते? अदलाबदल झाली असेल, तर ते पानिपत हरलेल्या आपल्या मुंबईत फिरत होते, आणि त्यांच्याही खिशात कदाचित आपल्या एखाद्या पुस्तकाचं पान असेल.