पंचवीस पिनांचा धडा

संगणकाच्या शालेय पुस्तकांत जुन्या जोडण्यांची माहिती बहुधा एका ओळीत आटोपते : 'पॅरलल पोर्ट – पिना 25, उपयोग प्रिंटर जोडण्यासाठी.' पुढे रिकाम्या जागा भरा. विद्यार्थ्याला गुण मिळतात. पण पिना पंचवीसच का, हा प्रश्न त्याला पडत नाही. आक्षेप आहे तो या मांडणीवर. जी जोडणी उघड्या पुस्तकासारखी वाचता येते, तीच आपण पाठांतराला देतो.

ही पद्धत 1970 च्या सुमारास अमेरिकेतील सेंट्रॉनिक्स कंपनीच्या प्रिंटरबरोबर आली. 1981 च्या आयबीएम पीसीने ती 25 पिनांच्या जोडणीतून वापरली. हिशेब सोपा आहे. आठ तारा माहितीच्या, म्हणजे एका वेळी एक बाइट. चार तारांवरून संगणक प्रिंटरला आज्ञा देतो, पाच तारांवरून प्रिंटर आपली स्थिती कळवतो आणि उरलेल्या आठ भूतारा. झाल्या पंचवीस!

यातला खरा धडा आहे संवादाचा. परभणी–परळी मार्गावर पोखर्णी नृसिंह हे स्थानक आहे. एकेरी लोहमार्गावर पुढच्या स्थानकाने मोकळीक दिल्याशिवाय मागचे स्थानक गाडी सोडत नाही. इथेही तसेच. संगणक आठ तारांवर बाइट मांडतो आणि 'स्ट्रोब' तारेवरचा दाब क्षणभर खाली आणतो : 'उचला'. प्रिंटर 'बिझी' तार वर ठेवतो : 'थांबा'. काम झाले की 'अ‍ॅक्नॉलेज'ची खूण : 'मिळाले'. वेगवान यंत्राने मंद यंत्राशी कसे जुळवून घ्यावे, ते या तीन तारांत दिसते.

दुसरा धडा मराठी माणसाच्या अधिक जवळचा आहे. तारांवरून अक्षर जात नाही, फक्त संख्या जाते. 65 ही संख्या आली की प्रिंटर 'ए' छापतो, कारण त्याच्या स्मृतीत त्या संख्येपुढे रोमन 'ए'चा आकार साठवलेला असतो. तिथे 'क' नव्हता. म्हणून देवनागरी मजकूर चित्र म्हणून पाठवावा लागे : एका बाइटचे आठ बिट म्हणजे प्रिंटरच्या आठ सुयांचा एक उभा स्तंभ. शिरोरेषा, वेलांट्या, उकार, सारे ठिपक्याठिपक्यांनी. आयआयटी कानपूरमध्ये सुरू झालेले 'जिस्ट' तंत्र पुण्याच्या सी-डॅकने पुढे नेले आणि 1991 मध्ये 'इस्की' ही भारतीय लिप्यांची संकेतप्रणाली भारतीय मानक झाली. यामागची गरज पुस्तकातल्या त्या एका ओळीतून कशी कळणार?

कोणी म्हणेल, यूएसबी 1996 मध्येच आली. आता जुने कशाला उगाळायचे? या जोडणीत उणिवा होत्याच. केबल जाड आणि आखूड, आणि चुकीची तार जोडली तर कार्ड जळण्याची भीती. वापरण्यासाठी यूएसबी निःसंशय सरस आहे. पण तिच्यात माहिती एकामागून एक, अतिवेगाने धावते. ती डोळ्यांनी वाचता येत नाही. जुन्या जोडणीत प्रत्येक तारेला एकच अर्थ होता. म्हणूनच नवी दिल्लीच्या आंतरविद्यापीठ त्वरक केंद्राच्या 'फिनिक्स' या प्रयोगसंचाने सुरुवातीला प्रिंटरचेच हे दार वापरले.

हे शिकवायला संगणकही लागत नाही. पोखर्णीच्या शाळेतले दहा विद्यार्थी पुरेत. आठ जण ओळीत उभे राहतील. हात वर म्हणजे 1, खाली म्हणजे 0. नववा टाळी वाजवेल. दहावा फळ्याशी 'प्रिंटर' होईल. लिहीत असताना तो लाल पाटी वर धरेल आणि तोवर टाळी वाजणार नाही. आधी त्याच्याजवळ रोमन अक्षरांचा तक्ता द्या. मग तो काढून ज्यात 65 म्हणजे 'क' आहे असा तक्ता द्या आणि तेच हात पुन्हा वर करायला सांगा. फळ्यावर आता 'क' उमटेल. मग वर्गाला विचारा : तारांमध्ये काय बदलले?